भिंतींचं वाळवण

“खिडक्या लावून घेतल्यास, मेल्या, तर ओल जाणार कुठून?”

हा प्रश्न माझ्या एका मित्राच्या आजीने त्याला विचारला होता. चिपळुणात, २०२१च्या श्रावणात. २२ जुलैला वाशिष्ठीचं पाणी गावात शिरलं, त्याला तीन आठवडे होऊन गेले होते. गाळ उपसून झाला होता. गाद्या, प्लायवूडची कपाटं, भिजलेलं धान्य, सगळं रस्त्यावर टाकून झालं होतं. घर दोन-तीनदा धुऊन काढलं होतं. फरशी दिसायला कोरडी होती, पण मधल्या खोलीत पाऊल टाकलं की पायाला गार लागायचं, अंग चिकट व्हायचं आणि नाकाला कुबट वास यायचा. पुण्यात नोकरी करणारा हा नातू एक यंत्र भाड्याने घेऊन आला. उभ्या सुटकेसएवढं, खाली चाकं, मागे एक नळी. त्याने मधल्या खोलीच्या दोन्ही खिडक्या घट्ट लावल्या, फटींवर चिकटपट्टी मारली, दाराला प्लास्टिकचा पडदा लावला, नळी बादलीत सोडली आणि बटण दाबलं.

आजीचं काही चुकत नव्हतं. तिने जन्मभर वाळवणं घातली होती. पापड, सांडगे, कुरडया, आमसुलं. वाळवायचं तर ऊन लागतं, वारा लागतो, मोकळी जागा लागते. बंद खोलीत काय वाळणार?

संध्याकाळी बादली भरली. पाणी इतकं नितळ की तळाचा शिक्का वाचता यावा. आजीने आधी छताकडे पाहिलं, मग नळीकडे, मग नातवाकडे. खोलीत कुठे थेंब दिसत नव्हता आणि बादली तर काठोकाठ. मी त्या दिवशी तिथे होतो. खरं सांगायचं तर आजीइतकाच मीही बुचकळ्यात पडलो होतो. फक्त शिकलेला असल्यामुळे तसं दाखवलं नाही.

हवेत पाणी असतं हे आपण शाळेत शिकतो. किती असतं हे मात्र कुणी मोजून पाहत नाही. ३० अंश सेल्सिअसला एक घनमीटर हवेत जास्तीत जास्त ३० ग्रॅम वाफ मावते, म्हणजे जेमतेम दोन मोठे चमचे पाणी. (भौतिकशास्त्राची माणसं ‘मावते’ या शब्दाला नाक मुरडतात. किती वाफ राहील हे हवा नव्हे, तापमान ठरवतं, असं त्यांचं म्हणणं, आणि ते बरोबर आहे. पण आपल्या कामापुरता हा शब्द चालेल.) दहा बाय बाराची, दहा फूट उंचीची खोली म्हणजे ३४ घनमीटर. म्हणजे अख्खी खोली वाफेने गच्च भरली, तरी तिच्या हवेत पाणी साधारण एक लिटर. एसटीच्या प्रवासात आपण विकत घेतो ती एक बाटली.

आता भिंतीकडे पाहू. चांगल्या भाजलेल्या विटेनेही आपल्या वजनाच्या वीस टक्क्यांपर्यंत पाणी शोषलं तरी ती पास होते, असं आपलं भारतीय मानक सांगतं. तीन किलोची वीट अर्धा लिटरहून जास्त पाणी पिऊन गप्प बसू शकते. कोकणातला जांभा तर अंगभर भोकं घेऊनच जन्माला आलेला दगड. दहा फूट लांबीची, नऊ इंच जाडीची विटांची भिंत चार फूट उंचीपर्यंत भिजली तर त्या भागात चारशेहून जास्त विटा येतात. प्रत्येकीने पाव लिटरच पाणी धरलं असं समजू. शंभर लिटर झाले. अशा चार भिंती.

हवेत एक लिटर, भिंतींत चारशे. भिंत म्हणजे टाकी आहे आणि हवा म्हणजे त्या टाकीतून पाणी काढायचं एकुलतं एक तांब्याचं भांडं. भांडं भरलेलं असेल तर टाकीतून काहीच निघणार नाही. ते रिकामं करायला हवं, पुन्हा भरू द्यायला हवं, पुन्हा रिकामं करायला हवं, शेकडो वेळा. घर वाळवणाऱ्या माणसांचा सगळा धंदा या भांड्याच्या येरझारांवर चालतो. लोकांना वाटतं ते भिंत वाळवतात. ते हवा वाळवतात. भिंत आपली आपण वाळते.

मग खिडकी उघडून बाहेरची हवा आत घेतली तर? वैशाखात पुण्याला दुपारी हवा ३८ अंशांवर असते आणि आर्द्रता वीस टक्के. त्या हवेच्या प्रत्येक घनमीटरमध्ये आणखी ३५ ग्रॅमच्या वर पाणी मावायला जागा असते. ती फुकट मिळते, हवी तेवढी मिळते. खिडक्या उघडाव्यात, भिंतीला वारा लागू द्यावा. आजीची कुरडई याच हवेवर वाळते. पण श्रावणातल्या चिपळुणात ३० अंशांना ८५ टक्के आर्द्रता ही रोजची गोष्ट. ते भांडं दारातून आत येतं तेच जवळजवळ भरलेलं. जागा असते ती चार-पाच ग्रॅमांची. आणखी एक कावा आहे. या हवेचा दवबिंदू सुमारे २७ अंश असतो, म्हणजे २७ अंशांहून गार जे काही तिला शिवेल त्यावर ती पाणी सोडते. गार पाण्याच्या तांब्याला बाहेरून घाम फुटतो तसा. ओली भिंत गार असतेच. अशा वेळी उघडी खिडकी ओल बाहेर सोडत नाही. कधी कधी आत आणून भिंतीवर ठेवते.

वैशाखात आजी बरोबर, श्रावणात नातू बरोबर. 

स्वयंपाकघरात या सगळ्याचं मोजमाप करणारं एक उपकरण असतं आणि आपण त्याला शिव्या घालतो. मिठाची बरणी. पावसाळ्यात मिठाला पाणी सुटतं, गठ्ठे होतात, मग आपण त्यात तांदळाचे दाणे घालतो. शुद्ध मिठाला पाणी सुटायला सुरुवात होते ती हवेची सापेक्ष आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर गेली की. त्याखाली मीठ कोरडं राहतं. ही रेषा आश्चर्य वाटावं इतकी नेमकी आहे. प्रयोगशाळांत आर्द्रतामापक तपासायला मिठाचं संपृक्त द्रावण वापरतात. (बाजारातल्या खडेमिठात मॅग्नेशियमचे क्षार असतात, त्याला आधीच पाझर फुटतो.) आता योगायोग पाहा. भिंतीवर, चामड्याच्या चपलेवर, लग्नातल्या कोटावर बुरशी धरते तीही साधारण याच रेषेच्या वर, ७५ ते ८० टक्क्यांच्या पुढे. मिठाला पाणी सुटलं की समजावं, बुरशीचे अच्छे दिन आले.

भिंत प्यायलेलं पाणी बाहेर काढणं एवढं अवघड का, हे समजायला ते आत कसं शिरतं ते पाहावं लागतं. चिरा, वीट, गिलावा यांच्या पोटात केसाहून बारीक नळ्यांचं जाळं असतं. पाणी या नळ्यांच्या भिंतींना चिकटतं आणि स्वतःला वर ओढून घेतं. समईची वात तेल ओढते तसं. नळी जितकी बारीक तितकं पाणी उंच चढतं. एक मिलिमीटर त्रिज्येच्या नळीत ते जेमतेम दीड सेंटीमीटर वर जातं. त्रिज्या मिलिमीटरचा शंभरावा भाग असेल तर दीड मीटर. म्हणजे खोलीत गुडघाभर पाणी आलं असेल तर भिंत छातीपर्यंत ओली सापडू शकते. पुराची रेषा दिसते ती गाळाची. ओलीची रेषा तिच्या बरीच वर असते आणि ती दिसत नाही.

वर चढताना पाणी एकटं नसतं. मातीतले, विटेतले, सिमेंटमधले क्षार त्यात विरघळलेले असतात. पाणी भिंतीच्या अंगावरून उडून जातं, क्षार मागे राहतात आणि त्यांचे स्फटिक वाढायला लागतात. पांढरा भुरका पिसारा. लोणा. हे स्फटिक गिलाव्याच्या छिद्रांत वाढताना एवढा जोर लावतात की गिलावा पोपडे धरून सुटतो. पूर येऊन वर्ष झालं आणि नवा रंग का उखडला, याचं उत्तर बहुतेक वेळा इथे असतं. रंगाऱ्याच्या माथी उगाच दोष येतो. दिवाळीच्या आत घर देखणं व्हावं म्हणून आपण अर्ध्या ओल्या भिंतीवर लांबी भरून ऑइल पेंट मारतो, म्हणजे टाकीचं झाकण लावून टाकतो. चुन्याची सफेदी वाफेला वाट देते. चकचकीत रंग देत नाही.

ब्रिटनमध्ये जुन्या विटांच्या घरांसाठी एक तोंडी हिशेब सांगतात: भिंत आपोआप वाळायला दर इंचाला एक महिना. नऊ इंचांना नऊ महिने. जुलैच्या अखेरीपासून मोजा. अक्षय तृतीयेच्या आसपास भिंत वाळून तयार, आणि पुढे महिना-दीड महिन्यात नवा पाऊस. कोकणातल्या खोलगट जागेच्या घरांतल्या काही भिंती खऱ्या अर्थाने कधीच का वाळत नाहीत, ते या गणितात आहे.

आता त्या सुटकेसच्या आत डोकावू.

पाण्याला वाफ व्हायचं तर भाडं मोजावं लागतं. उष्णतेचं भाडं. एक लिटर पाणी ३० अंशांवरून उकळीपर्यंत न्यायला जेवढी उष्णता लागते, त्याच्या सुमारे आठपट उष्णता ते नुसतं वाफ होऊन उडायला लागते, मग ते उकळो वा दोरीवरच्या धोतरातून गुपचूप उडो. विजेच्या भाषेत लिटरमागे एका युनिटच्या दोन-तृतीयांश. माठातलं पाणी गार होतं ते यामुळेच. झिरपणारं पाणी उडून जाताना भाडं माठाकडून वसूल करतं. ओली भिंतही हेच भाडं स्वतःच्या अंगातून भरत राहते, गार पडते, आणि गार पडली की पाणी उडण्याचा वेग आणखी मंदावतो. शंभर लिटर ओल काढायची म्हणजे ६५-७० युनिटांचं भाडं. ते भरणार कोण?

यंत्रात एक पंखा असतो. तो खोलीतली दमट हवा आत ओढतो आणि एका गार नळीच्या वेटोळ्यावरून नेतो. फ्रिजच्या आत असते तसली नळी, दहा अंशांच्या आसपास थंड. हवा गार पडते. गार हवेत वाफ फार मावत नाही; दहा अंशांना घनमीटरमागे नऊ ग्रॅमच. आत आली तेव्हा २६ ग्रॅम होते. वरचे १७ ग्रॅम नळीवर थेंब होऊन निथळतात आणि बादलीत जातात. इथपर्यंत एसीही हेच करतो. फरक पुढे आहे. वाफेचं पुन्हा पाणी झालं की ते घेतलेलं भाडं परत करतं, पै न पै. एसी ती उष्णता खिडकीबाहेर रस्त्यावर फेकतो. हे यंत्र ती फेकत नाही. गार झालेली हवा ते लगेच दुसऱ्या, तापलेल्या वेटोळ्यावरून नेतं आणि परत मिळालेली उष्णता तिच्यात घालून खोलीत सोडतं. बाहेर पडणारी हवा कोरडी, ऊबदार आणि तहानलेली असते. कागदावरच्या हिशेबात तिची आर्द्रता तीस टक्क्यांच्या खाली येते. ती भिंतीकडे जाते, भिंतीला भाड्याचे पैसे देते, वाफ उचलते, यंत्राकडे परतते तेव्हा तेच पैसे यंत्राच्या हातात. तीच उष्णता पुन्हा पुन्हा फिरवली जाते. एका युनिटमध्ये नुसत्या हीटरने दीड लिटरच्या आतच पाणी उडवता आलं असतं, आणि ती वाफ खोलीतच घुटमळली असती. चांगलं यंत्र दमट, ऊबदार खोलीत एका युनिटमागे दोन लिटरांच्या आसपास पाणी काढून थेट बादलीत घालतं.

खिडकी बंद का, याचं उत्तरही यातच आहे. उघड्या खिडकीचं यंत्र म्हणजे वाशिष्ठीचं खोरं वाळवायला बसवलेलं यंत्र.

या युक्तीचा उगम घरात नाही, छापखान्यात आहे. १९०२ साली न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनमधल्या एका रंगीत छपाईच्या कारखान्यात उन्हाळ्यात रंगावर रंग बसेना. एकाच कागदावर एकामागून एक रंग छापायचे, आणि मधल्या वेळात दमट हवेत कागद फुगायचा. केसभर फुगला तरी चित्रातल्या बाईचे ओठ गालावर. विलिस कॅरिअर नावाच्या २५ वर्षांच्या इंजिनिअरला हे कोडं दिलं गेलं. त्याने गार नळ्यांवरून हवा नेऊन तिच्यातली ओल काढायची योजना आखली. जगातल्या आधुनिक एअर कंडिशनिंगची सुरुवात तिथे धरतात. गंमत अशी की माणसांना गार वाटावं हा त्यात हेतूच नव्हता. कागद वाळका राहावा एवढीच इच्छा होती. म्हणजे एसी हा ओल काढणाऱ्या यंत्राचा धाकटा भाऊ, जो पुढे श्रीमंत झाला आणि थोरल्याला विसरला.

घर वाळवण्याचा पूर्ण वेळचा व्यवसाय पाहायचा तर अमेरिकेत जावं लागतं, कारण तिथली घरंच तशी आहेत. ऑगस्ट २०१७ मध्ये हार्वे वादळ टेक्सासवर येऊन बसलं आणि हलेना. नीदरलँड नावाच्या एका टेक्सासी गावात त्या वादळाचा १,५३९ मिलिमीटर पाऊस मोजला गेला. ह्यूस्टनच्या पश्चिम भागात काही वस्त्यांत पाणी आठवडाभराहून जास्त थांबलं. ह्यूस्टनची हवा आपल्या कोकणाच्या नात्यातली, चिकट आणि घामट. पण घराची भिंत म्हणजे लाकडी फळ्यांचा सांगाडा, त्यावर जिप्समचे कागदी पाठीचे पत्रे, मध्ये काचतंतूंचा कापूस. हा कापूस ओल धरून ठेवतो आणि हा कागद म्हणजे बुरशीसाठी पंक्तीचं जेवण. ओल लागल्यापासून २४ ते ४८ तासांत तिची पंगत बसू शकते. म्हणून तिथे पहिलं हत्यार यंत्र नसतं, करवत असते. भिंतीचा खालचा दोन किंवा चार फुटांचा भाग सरळ रेषेत कापून काढतात, आतला कापूस ओढून फेकतात आणि सांगाडा उघडा करतात. त्या सप्टेंबरमध्ये ह्यूस्टनच्या गल्ल्यागल्ल्यांत घरांपुढे भिंतींचे ढीग लागले होते.

या व्यवसायात पाण्याच्याही जाती आहेत. फुटलेल्या नळाचं स्वच्छ पाणी पहिल्या वर्गातलं, वॉशिंग मशीनचं मळकं पाणी दुसऱ्या, आणि गटार किंवा नदीचं पाणी तिसऱ्या, काळ्या वर्गातलं. काळ्या पाण्यात भिजलेलं सच्छिद्र सामान, मग ती गादी असो वा गालिचा, वाळवायचं नसतंच, टाकायचं. घाण वाळवली तर ती वाळलेली घाण होते. चिपळूणच्या बायकांनी गाद्या रस्त्यावर आणल्या तेव्हा त्यांनी कुठलं मानक वाचलं नव्हतं, पण निर्णय तोच होता.

मग पंखे येतात. जमिनीवर गोगलगाईसारखे बसलेले, भिंतीला तिरका, घासून जाणारा वारा मारणारे. ओल काढायच्या यंत्राइतकंच त्यांचं काम मोलाचं. ओल्या पृष्ठभागाला लागून हवेचा एक अतिशय पातळ थर स्थिर उभा असतो आणि तो वाफेने गच्च भरलेला असतो. खोलीतली बाकीची हवा कितीही तहानलेली असो, हा दारावरचा पहारेकरी तिला पाण्यापर्यंत पोचू देत नाही. बशीतल्या चहावर आपण फुंकर घालतो ती याच थराला हुसकायला. ह्यूस्टनमधला पंखा म्हणजे दिवसरात्र चाललेली फुंकर.

खरी कारागिरी मात्र मोजण्यात आहे. कारागीर हातात दोन सुया असलेलं छोटं यंत्र घेऊन लाकडाला टोचत फिरतो. कोरडं लाकूड वीज वाहू देत नाही, ओलं देतं. दोन सुयांमधला विरोध मोजला की ओलीचा आकडा येतो. (क्षारही वीज वाहून नेतात, त्यामुळे लोणा लागलेली भिंत या यंत्राला चकवते.) उष्णता टिपणारा कॅमेरा भिंतीकडे रोखला की ओले भाग गार म्हणून निळे दिसतात, सुंदर रंगवलेल्या भिंतीच्या पोटात निळं तळं पसरलेलं पाहताना अंगावर काटा येतो. आणि कोरडं म्हणजे किती कोरडं? हा प्रश्न त्यांनी फार शहाणपणाने सोडवला आहे. पुस्तकातला आकडा घेत नाहीत. त्याच घरातली पाणी न लागलेली खोली शोधतात, तिथल्या लाकडाची, तिथल्या भिंतीची ओल मोजतात. भिजलेली भिंत तिच्या न भिजलेल्या बहिणीसारखी झाली की काम झालं.

गार वेटोळ्याचं यंत्र थंड हवेत मात्र लंगडतं. १५ अंशांच्या खाली नळीवर हिम धरू लागतं. तिथे दुसरी तऱ्हा लागते, आणि तिचा नमुना आपल्या चपलांच्या खोक्यात असतो. ‘खाऊ नका’ असं लिहिलेली ती पुडी. सिलिका जेलच्या एका ग्रॅममध्ये आतल्या सूक्ष्म भोकांचा पृष्ठभाग उलगडून पसरला तर तो साधारण सातशे चौरस मीटर भरतो. पुरुषांच्या कबड्डीची पाच मैदानं, एका चिमटीत. वाफ या मैदानांवर येऊन चिकटते. मोठ्या यंत्रांत ही जेल मधमाशीच्या पोळ्यासारख्या चाकावर बसवलेली असते आणि चाक संथपणे फिरत राहतं. एका बाजूने खोलीतली हवा तिच्यातून जाऊन कोरडी होते. दुसऱ्या बाजूने शंभर अंशांहून तापलेली हवा फुंकून जेलमधली ओल उडवतात आणि घराबाहेर सोडतात. एकाच वेळी चाकाचा मोठा भाग पाणी पितो आणि उरलेला घाम गाळतो. स्वीडनचे कार्ल मुंटर्स, ज्यांनी विद्यार्थी असतानाच १९२२ मध्ये एका मित्राबरोबर बिनमोटरीचा फ्रिज शोधला, त्यांच्या नावाच्या कंपनीने ही चाकं जगभर पोचवली.

इथवर वाचून वाटेल की हवा जितकी कोरडी तितकं चांगलं. आजीला विचारा. उडदाचे पापड ती कडक उन्हात घालत नाही, सावलीत वाळवते. उन्हात ते वाकडे होतात, तडकतात. वरचा थर आधी वाळून आकसतो, आतला अजून फुगलेला असतो, आणि दोघांच्या भांडणात पापड फाटतो. सागवानी फळी हेच करते. जुन्या चित्रांचं तर फार वाईट होतं.

४ नोव्हेंबर १९६६ ला इटलीतल्या फ्लोरेन्सवर आर्नो नदी चढली. घरगुती तापवण्याच्या टाक्यांतलं काळं तेल त्या चिखलात मिसळलेलं. सांता क्रोचे चर्चच्या संग्रहात तेराव्या शतकातल्या चिमाबुए या चित्रकाराचा प्रचंड लाकडी क्रूस होता. तो बुडाला आणि त्यावरचा बराचसा रंग पाण्यात गेला. अशी शेकडो लाकडी फलकांवरची चित्रं भिजून फुगली होती. लाकूड वाळून आकसलं असतं तर त्यावरचा रंग, ज्याला आकसता येत नाही, कवचासारखा उडाला असता. म्हणून रंगावर पातळ जपानी कागद चिकटवला आणि चित्रं बोबोली बागेतल्या लिमोनाइयात, म्हणजे लिंबाची झाडं हिवाळ्यात ठेवायच्या मोठ्या दालनात, नेली. तिथे यंत्रं लावली ती उलट कामाला. हवेतली आर्द्रता आधी नव्वद टक्क्यांच्या वर राखली आणि मग हळूहळू, महिनोन् महिने, थोडी थोडी उतरवली. जगातलं सर्वांत कुशल वाळवण असं दमट हवेत झालं. त्याच शहरातल्या लाखो भिजलेल्या पुस्तकांपैकी बरीच, दुसरी सोय नसल्याने, तंबाखू वाळवायच्या कोठारांत वाळवली गेली.

पुस्तकांसाठी नंतर याहून अजब वाट सापडली: आधी गोठवायचं. बुरशी थांबते, शाई फुटायची थांबते आणि विचार करायला वेळ मिळतो. मग निर्वात कोठीत ठेवलं की बर्फ पाणी न होता सरळ वाफ होतो. कागद एका क्षणासाठीही पुन्हा ओला होत नाही, ओलेपणाच्या पायरीवरून उडीच मारतो. २००२च्या पुरानंतर प्रागमधले ओले ग्रंथ असेच शीतगृहांत गेले. चिपळूणचं लोकमान्य टिळक स्मारक वाचन मंदिर १८६४ सालचं. २००५ आणि २०२१, दोन्ही पुरांत तिथली पुस्तकं भिजली. कोकणाच्या किनाऱ्यावर मासे गोठवायच्या कोठ्या आहेत. पुढच्या वेळी पहिल्या दिवशी चार ट्रंका पुस्तकं त्यातल्या एखादीत जावीत, असं मला फार वाटतं.

मधल्या खोलीत काय झालं ते सांगायचं राहिलं. पहिल्या दिवशी रात्र धरून दोन बादल्या आणि वर थोडं पाणी निघालं. चौथ्या दिवशी एक बादली. आठव्या दिवशी पाव. यंत्र बिघडलं नव्हतं. सुरुवातीला पाणी भिंतीच्या अंगावर असतं, जेवढी हवा कोरडी तेवढं ते निघतं. मग ओलीची सीमा आत सरकते आणि वाफेला गिलाव्याच्या चक्रव्यूहातून चालत बाहेर यावं लागतं. तिथे यंत्राची घाई चालत नाही. जाडी दुप्पट झाली तर या टप्प्याचा वेळ जवळजवळ चौपट होतो. मित्राने चार फुटांपर्यंतचा जुना ऑइल पेंट खरवडून काढला, तेव्हा बादली पुन्हा दोन दिवस तरारली. रोज संध्याकाळी तो वरच्या मजल्यावर जाऊन न भिजलेल्या भिंतीचा आकडा घ्यायचा, मग खाली येऊन खालचा.

आजीचा आकड्यांवर विश्वास नव्हता. तिने पाचव्या दिवशी गुपचूप मधल्या खोलीच्या फडताळात एका वाटीत मीठ ठेवलं आणि तशीच वाटी स्वयंपाकघरात. दुसऱ्या दिवशी दोन्ही वाट्या आमच्यापुढे आणून हलवल्या. एकीतलं मीठ चिखलासारखं बसलेलं, दुसरीतलं वाळूसारखं खुळखुळणारं. ती काही बोलली नाही.

त्यानंतर मी गेलो तो रविवारी. प्लास्टिकचा पडदा सारून आत पाय ठेवला तर खोली ऊबदार, यंत्राची घरघर चालू, आणि भिंतीपासून हातभर अंतर सोडून ओळीने मांडलेलं: मिठाची बरणी, पापडाचे डबे, मसाल्याची पितळी डबी, काडेपेट्या, शेजारणीच्या बाळाची दुपटी. मी दारातच उभा राहून बघत होतो. आतून आजीचा आवाज आला.

“बघतोस काय? दार लाव आधी. ओल येईल आत.”